पायांवर अंडं, पायाखाली समुद्र

गेल्या अंकात मी अंटार्क्टिकातल्या आपल्या भारती केंद्रावर काढलेल्या वर्षाबद्दल लिहिलं होतं. हवामान खात्यातल्या माझ्या सगळ्या नोकरीतलं ते एकच वर्ष, पण आजही डोळे मिटले की तेच आधी दिसतं. लेखानंतर बरीच पत्रं आली. दोन-चार वादळांबद्दल, पाच-सहा जेवणाबद्दल आणि उरलेली जवळजवळ सगळी सम्राट पेंग्विनबद्दल. मला त्याचा फार आनंद झाला, कारण त्या वर्षात मलाही या पक्ष्यानंच सर्वांत जास्त विचारात पाडलं. माझं काम तापमान, वारा आणि हवेचा दाब मोजण्याचं. त्यामुळे माझी उत्तरंही त्याच अंगानं आली आहेत.

आजोबा, सम्राट पेंग्विन नक्की कुठे राहतात? आमच्या वर्गात काही जण उत्तर ध्रुव म्हणतात, काही जण दक्षिण ध्रुव.
*– इयत्ता सातवीतली विद्यार्थिनी, कराड*

बाळ, दोन्ही गटांना उत्तर थोडं दुरुस्त करावं लागेल. उत्तर ध्रुवाकडे एकही पेंग्विन नाही. दक्षिण ध्रुवाच्या नेमक्या जागीही नाही. तिथं समुद्रसपाटीपासून २,८०० मीटर उंचीचं बर्फाचं पठार आहे आणि समुद्र हजार किलोमीटरहून लांब. खायला काहीच नाही. सम्राट पेंग्विन राहतात अंटार्क्टिकाच्या काठाकाठानं. नकाशावर त्या खंडाच्या कडेनं बोट फिरव, तुझं बोट त्यांच्या वस्त्यांवरूनच जाईल.

पण कड म्हणजे जमीन समजू नकोस. थोडे अपवाद सोडले तर सम्राट पेंग्विन आपली पिल्लं गोठलेल्या समुद्रावर वाढवतात. समुद्राचं पाणी खारं, त्यामुळे ते उणे १.८ अंशाच्या आसपास गोठू लागतं. असा बर्फ दोन प्रकारचा. एक वाऱ्याबरोबर, प्रवाहाबरोबर वाहत जाणारा. दुसरा किनाऱ्याला, बेटांना, तळाला टेकून अडकलेल्या हिमनगांना घट्ट धरून राहणारा. केंद्रावर आम्ही त्याला फास्ट आइस म्हणायचो, इथे मी त्याला 'बांधलेला बर्फ' म्हणतो. सम्राट पेंग्विनचं घर म्हणजे हा बांधलेला बर्फ. त्याच्या पायाखाली मीटर-दीड मीटर बर्फ आणि त्याखाली समुद्र. पुढची सगळी उत्तरं वाचताना एवढं लक्षात ठेव.

त्यांच्या आजवर माहीत झालेल्या वसाहती ६६ आहेत. त्यातल्या पुष्कळशा माणसानं पायी जाऊन नव्हे, उपग्रहाच्या चित्रांवरून शोधल्या. एकेक पक्षी अवकाशातून दिसत नाही, पण महिनोन् महिने हजारो पक्षी एका जागी राहिले की पांढऱ्या बर्फावर त्यांच्या विष्ठेचा तपकिरी डाग पडतो. ब्रिटिश शास्त्रज्ञांनी तो डाग शोधत अख्खा किनारा पालथा घातला. २००९ सालच्या चित्रांवरून केलेल्या मोजणीत साधारण ५ लाख ९५ हजार पक्षी भरले.

आमच्या भारती केंद्रापासून सर्वांत जवळची मोठी वसाहत अमांडा उपसागरात, केंद्र ज्या लार्समन टेकड्यांत आहे तिथून २२ किलोमीटरवर. तो भाग संरक्षित आहे, परवान्याशिवाय जाता येत नाही. मी तिथे गेलो नाही. मी जे पक्षी पाहिले ते केंद्रासमोरच्या गोठलेल्या खाडीवरून येणारे-जाणारे होते.

मुंबईत राणीच्या बागेत आम्ही पेंग्विन पाहिले. ते हेच का?
*– दादर, मुंबई*

नाही. ते हम्बोल्ट पेंग्विन. २०१६ साली दक्षिण कोरियातून आणलेले. त्यांचं मूळ घर पेरू आणि चिलीचा किनारा. तिथला समुद्र थंड, पण किनारा अक्षरशः वाळवंट. त्यांना उणे चाळीस अंशांत ठेवलं तर ते मरतील. हम्बोल्ट चार-पाच किलोचा. सम्राट उभा राहिला की पहिलीतल्या मुलाएवढा उंच, आणि भरात असलेला नर ३५ ते ४० किलोचा. पेंग्विनच्या १८-एक जातींमध्ये हा सर्वांत मोठा.

मी गेली तीस वर्षं लोकरीचं विणकाम करते, म्हणून कुतूहल. त्यांच्या अंगावर असं काय आहे की थंडी आत शिरत नाही? आणि अनवाणी पाय बर्फावर गोठत कसे नाहीत?
*– नाशिक*

ताई, तुम्ही विणता म्हणजे ऊब धाग्यात नसते, धाग्यांमध्ये अडकलेल्या हवेत असते हे तुम्हाला ठाऊक आहेच. पेंग्विनचंही तेच. वरची पिसं आखूड, ताठ आणि कौलांसारखी एकावर एक बसलेली. त्यांचं काम वारा आणि पाणी अडवणं. प्रत्येक पिसाच्या बुडाशी मऊ लवेचा झुबका असतो, आणि त्याशिवाय थेट कातडीतून उगवलेली सुटी लव असते, वरच्या पिसांच्या चौपट संख्येनं. ही लव हवा धरून ठेवते. खाली कातडीलगत चरबीचा जाड थर.

आता मला ज्या गोष्टीनं थक्क केलं ती सांगतो. फ्रेंच केंद्राजवळच्या प्वांत जिओलोजी वसाहतीत २००८ च्या हिवाळ्यात शास्त्रज्ञांनी उष्णता टिपणारा कॅमेरा लावून पेंग्विन पाहिले. पिसांचा बाहेरचा पृष्ठभाग आसपासच्या हवेपेक्षा चार ते सहा अंशांनी थंड निघाला. आत ३७-३८ अंशांचं धगधगतं शरीर, आणि अंगरख्याची वरची बाजू हवेहूनही गार!

कुणाला हे अशक्य वाटेल. मला वाटलं नाही, कारण माझं बालपण महाबळेश्वरात गेलं. जानेवारीतल्या निरभ्र पहाटे वेण्णा लेकच्या काठी गवतावर, गाड्यांच्या टपांवर, स्ट्रॉबेरीच्या पानांवर दव गोठलेलं असतं, आणि त्याच वेळी वेधशाळेच्या पांढऱ्या पेटीतला तापमापक शून्याच्या वर पाच-सहा अंश दाखवत असतो. दोन्ही खरं. स्वच्छ रात्री गवत आपली उष्णता वर मोकळ्या आकाशाकडे टाकत राहतं आणि हवेपेक्षा जास्त थंड होतं. म्हणून तर आम्ही गवताच्या पातळीवर वेगळा तापमापक ठेवतो. पेंग्विनच्या पाठीवर हेच घडतं. पीस आकाशाकडे उष्णता टाकून इतकं गार होतं की उलट हवेतूनच त्याला थोडीशी ऊब परत मिळते. आतली उष्णता बाहेरच्या पिसापर्यंत जवळजवळ पोचतच नाही, याचा याहून चांगला पुरावा कुठला हवा? विणकाम इतकं घट्ट जमलंय.

पायांबद्दल. पायाकडे गरम रक्त नेणारी रक्तवाहिनी आणि तिथून गार रक्त आणणारी वाहिनी एकमेकींना चिकटून असतात. जाणारं रक्त आपली उष्णता वाटेतच येणाऱ्या रक्ताला देऊन टाकतं. पायात पोचतं ते थंडच. पाय गोठणार नाही इतपतच गरम, त्याहून जास्त नाही. शिवाय पाय हलवणारे स्नायू वर, अंगाच्या उबेत असतात. खाली बहुतेक दोऱ्यांसारख्या कंडरा. फार थंडी असली की पक्षी मागे रेलतो, टाचा आणि ताठ शेपूट यांवर भार देतो आणि बोटं उचलून धरतो. मी हे दुर्बिणीतून पाहिलंय. तिवईसारखा उभा होता, कितीतरी वेळ.

आमची मेंढरं पाऊस-वाऱ्यात एकमेकींना खेटून उभी राहतात. पेंग्विनचा घोळका म्हणजे तसंच काय?
*– मेंढपाळ कुटुंबातला वाचक, फलटण*

अगदी तसंच, आणि त्याहून पुष्कळ पुढचं. तुमच्या पत्राबद्दल मनापासून आभार. इतका नेमका प्रश्न दुसऱ्या कुणी विचारला नाही.

एकटा सम्राट पेंग्विन उणे दहा अंशांपर्यंत जास्तीची ताकद न खर्चता आपली ऊब टिकवतो. त्याखाली तापमान गेलं की शरीरातली चरबी जादा जाळावी लागते. वसाहतीवर हिवाळ्यात उणे तीस, उणे चाळीस असतं. वर वारा. अंटार्क्टिकाच्या पठारावरची हवा गार होऊन जड होते आणि उतारावरून पाण्यासारखी समुद्राकडे धावत सुटते. भारतीवर असताना बाहेर निरीक्षणाला जायचं तर दोर धरून जावं लागे असे दिवस येत. उणे पंचवीस आणि वारा नाही हा दिवस मला सुसह्य वाटायचा. उणे पंधरा आणि घोंघावता वारा, हा नाही. तिथं माणसाला मारतो तो वारा.

घोळका पहिल्यांदा वाराच तोडतो. एका चौरस मीटरमध्ये दहा-दहा पक्षी उभे राहतात. डोकी खाली, चोच पुढच्याच्या खांद्यावर. आतल्या भागात तापमान वीस अंशांवर जातं, आणि कधी कधी थेट ३७ अंशांपर्यंत पोचल्याची नोंद आहे. मे महिन्यातल्या फलटणइतकं! म्हणून घोळका कायमचा राहत नाही. तासा-दीड तासानं आतल्यांना उकडायला लागतं, ते मोकळे होतात, अंगातून वाफा निघतात, आणि थोड्या वेळानं पुन्हा जमतात.

मग प्रश्न येतो की कडेला उभ्या असलेल्यांचं काय? आणि मधल्यांनी जागा सोडलीच नाही तर? तुमच्या मेंढरांतही कडेची एखादी गारठतेच. जर्मनीच्या नॉयमायर केंद्राजवळ आटका उपसागरातल्या वसाहतीचं शास्त्रज्ञांनी ठरावीक अंतरानं चित्रण केलं आणि ते वेगानं चालवून पाहिलं. साध्या डोळ्यांना घोळका स्थिर दिसतो. चित्रात मात्र दिसलं की दर तीस ते साठ सेकंदांनी अख्खा घोळका हलतो. एक पक्षी पाच-दहा सेंटिमीटर सरकतो, त्याच्या शेजारचा सरकतो, मग त्याचा शेजारी, आणि ही लाट घोळक्यातून पलीकडे निघून जाते. कुणी कुणाला ढकलत नाही. तासाभरात या छोट्या पावलांनी रचनाच बदलते. वाऱ्याच्या बाजूचे पक्षी मग कडेकडेनं चालत आडोशाच्या बाजूला जाऊन चिकटतात. त्यामुळे मघा जो आत होता तो हळूहळू बाहेर येतो.

यातलं एक सूत्र मला फार मोलाचं वाटतं. बाकीचे बहुतेक पेंग्विन आपापलं घरटं राखतात. दगड रचतात, हद्द सांभाळतात, शेजारी जवळ आला तर टोचतात. सम्राटाला घरटं नाही. अंडं पायांवर घेऊन तो चालतो. म्हणून भांडायला हद्दच उरत नाही, आणि म्हणूनच हजारो नर खांद्याला खांदा लावून उभे राहू शकतात.

आमच्याकडे नुकताच नातू झाला. सुनेचं बाळंतपण, मुलाची रजा यावरून घरात बोलणं चाललेलं असताना कुणीतरी म्हणालं की पेंग्विनमध्ये बापच अंडं उबवतो आणि चार महिने जेवत नाही. खरं आहे का?
*– कोल्हापूर*

खरं आहे, आणि नातवाबद्दल अभिनंदन.

मार्चअखेर-एप्रिलमध्ये सम्राट पेंग्विन समुद्र सोडून वसाहतीकडे चालू लागतात. पाण्याची कड कधी जवळ असते, कधी ५० किलोमीटरहूनही लांब. पोटावर घसरत, पुन्हा उठून चालत ते येतात. त्या दिवसापासून नराच्या पोटात अन्नाचा कण जात नाही. जोडी जुळते, आणि मे महिन्यात, काही ठिकाणी जूनच्या सुरुवातीला, मादी एकच अंडं घालते, साधारण साडेचारशे ग्रॅमचं. तोवर तीही महिना-सव्वा महिना उपाशी असते आणि तिचं पाचव्या हिश्शाएवढं वजन उतरलेलं असतं. ती अंडं नराच्या पायांवर सोपवते. हा क्षण सगळ्यांत अवघड. हात नाहीत, चोचीनं आणि पायांनी ढकलायचं आणि तेही झटपट, कारण अंडं बर्फावर मिनिट-दोन मिनिटं राहिलं की आतला जीव गोठतो. नव्या जोड्यांची अंडी अशी वाया जातात.

नर अंडं पायांवर घेतो आणि पोटाखालची कातडीची घडी त्यावर टाकतो. त्या घडीच्या आतल्या बाजूला पिसं नसतात, कातडी थेट अंड्याला लागते. बाहेर उणे चाळीस, घडीच्या आत अंड्याला ३५ अंशांच्या आसपास ऊब. मादी समुद्राकडे निघून जाते आणि नर साधारण ६४-६५ दिवस तसाच. बहुतेक वेळ काळोख. भारतीवर मेअखेरीपासून जुलैच्या मध्यापर्यंत आम्हाला सूर्य दिसला नाही. दुपारी क्षितिजावर तांबूस उजेडाची एक पट्टी तेवढी यायची. आमच्यापाशी गरम खोल्या होत्या, वरण-भात होता, एकवीस जूनला मध्यहिवाळ्याचा सण साजरा केला तेव्हा शिराही झाला. आणि रात्री दहाचं निरीक्षण घेऊन आत येताना मला रोज आठवायचं, की इथून बावीस किलोमीटरवर या क्षणी हजारो बाप पायांवर अंडं घेऊन उभे आहेत.

एकूण उपास ११० ते १२० दिवसांचा होतो. चाळीस किलोचा नर २३-२४ किलोवर येतो. शरीर आधी चरबी वापरतं. ती संपत आली आणि स्नायूंवर वेळ आली की आतून एक हुकूम सुटतो, आणि मग मादी आली नसेल तरी नर अंडं किंवा पिल्लू सोडून समुद्राकडे जातो. हे वाचून त्याला दोष देऊ नका. तो मेला असता तर पिल्लू वाचलं नसतंच.

मादी येण्याआधी अंडं फुटलं तर? तीन-साडेतीन महिन्यांच्या उपाशी बापाच्या अन्ननलिकेतून दुधासारखा दाट स्राव येतो. प्रथिनं आणि स्निग्ध पदार्थ असलेला. बाप तो पिल्लाला भरवतो. त्यावर पिल्लू काही दिवस तग धरतं. मग पोट भरून मादी परतते. हजारोंच्या गर्दीत ती नवऱ्याला शोधते आवाजावरून. या पक्ष्याचा स्वरयंत्राचा अवयव दोन बाजूंनी एकाच वेळी दोन सूर काढतो, आणि त्या दोन सुरांच्या मिश्रणावरून जोडीदार एकमेकांना ओळखतात. पिल्लूही आई-बापांना असंच ओळखतं. वर्षागणिक जोडी तीच राहण्याचं प्रमाण मात्र कमी आहे, शंभरात पंधराच्या आसपास. वेळ इतका मोजका असतो की जुना जोडीदार यायला उशीर झाला तर वाट पाहता येत नाही.

पण इतक्या भयंकर हिवाळ्यातच अंडी का घालायची? उन्हाळ्यात घातली तर त्रास वाचेल.
*– शिक्षक, लातूर*

सर, यालाच उत्तर म्हणून मी विद्यार्थिनीला बांधल्या बर्फाचं सांगितलं.

उलटीकडून मोजा. पिल्लू मोठं व्हायला पाच महिने लागतात. आकारानं मोठा पक्षी, त्याला वेळ लागणारच. त्यानं स्वतः पाण्यात उतरायचं ते डिसेंबर-जानेवारीत, कारण तेव्हा हा बांधलेला बर्फ फुटून समुद्र उघडतो, उजेड चोवीस तास असतो, मासे आणि क्रिल (कोळंबीसारखे इवले जीव) भरपूर. त्यापूर्वी पाच महिने म्हणजे जुलै-ऑगस्टमध्ये ते अंड्यातून बाहेर यायला हवं. त्याआधी दोन महिने उबवणं म्हणजे मे-जून. हिशेब हिवाळ्यातच येऊन थांबतो. उन्हाळ्यात अंडी घातली तर पिल्लं अर्धीमुर्धी असताना हिवाळा येईल.

हे माणसाला कळायलाही किंमत मोजावी लागली. पहिली वसाहत १९०२ साली रॉस बेटाच्या केप क्रोझिअरला दिसली. ऑक्टोबरात. तेव्हा पिल्लं चांगली वाढलेली होती, म्हणजे अंडी भर हिवाळ्यात घातली असणार हे ब्रिटिश दर्यावर्दी रॉबर्ट स्कॉट यांच्या मोहिमेतले डॉक्टर आणि निसर्गअभ्यासक एडवर्ड विल्सन यांच्या ध्यानात आलं. त्यांना वाटत होतं की या पक्ष्याच्या गर्भात पक्षी आणि सरपटणारे प्राणी यांचं नातं दिसेल. म्हणून २७ जून १९११ रोजी विल्सन, हेन्री बाउअर्स आणि ॲप्सली चेरी-गॅरार्ड काळोखात स्लेज ओढत निघाले. यातले बाउअर्स रॉयल इंडियन मरीनमधले, म्हणजे मुंबईत मुख्यालय असलेल्या आरमारातले लेफ्टनंट. पारा उणे साठच्या खाली उतरला. कपडे अंगावर लाकडासारखे ताठ झाले. वादळात तंबू उडून गेला आणि नशिबानं सापडला. पाच आठवड्यांनी ते परतले तेव्हा हातात तीन अंडी होती. विल्सन यांचा तर्क त्या गर्भांवरून सिद्ध झाला नाही. पुढच्या मार्चमध्ये दक्षिण ध्रुवावरून परतताना वाटेतच विल्सन आणि बाउअर्स स्कॉटबरोबर मरण पावले. अंडी लंडनच्या निसर्ग इतिहास संग्रहालयात आहेत.

पांढरी अस्वलं त्यांना खातात का?
*– अकोला*

नाही. ती उत्तरेला, हे दक्षिणेला. भेटच होत नाही. पाण्यात बिबळ्या सील आणि ऑर्का (किलर व्हेल), बर्फावर पिल्लांना मोठ्या पेट्रेल पक्ष्यांचा धोका. मोठ्या पेंग्विनला बर्फावर असताना खाणारं कुणी नाही, म्हणून ते माणसाला घाबरत नाहीत.

ते पाण्याखाली किती खोल जातात?
*– पोहण्याचा प्रशिक्षक, ठाणे*

नोंदलेली सर्वाधिक खोली ५६४ मीटर. सर्वांत लांब बुडी ३२ मिनिटांची. रोजच्या बुड्या अर्थातच याहून छोट्या. त्यांची हाडं उडणाऱ्या पक्ष्यांसारखी पोकळ नसून भरीव, त्यामुळे खोलवर दाबाखाली टिकतात. बुडीत हृदयाचे ठोके मिनिटाला वीसच्याही खाली येतात, आणि स्नायूंमध्ये प्राणवायू साठवणारं मायोग्लोबिन भरपूर असतं. मुख्य शिकार म्हणजे चांदीसारखे छोटे मासे, क्रिल आणि माकूळ.

काही वर्षांपूर्वी बातमी होती की हजारो पिल्लं बुडून मेली. हे पक्षी टिकतील का?
*– पुणे*

तुम्ही म्हणता ती बातमी २०२२ ची. त्या वर्षाअखेरीस अंटार्क्टिकाभोवतीचा समुद्रबर्फ फार घटला. बेलिंग्सहाउझन समुद्राच्या एका भागात पाच वसाहती आहेत. त्यातल्या चार ठिकाणचा बांधलेला बर्फ डिसेंबरच्या आत फुटून गेला. फक्त रॉथ्सचाइल्ड बेटाजवळची वसाहत वाचली.

इथे नेमकं काय होतं ते समजून घ्या. पिल्लाच्या अंगावर आधी राखाडी लव असते. ती हवेत उबदार, पण पाणी धरते. पाणी झटकणारी खरी पिसं डिसेंबरच्या सुमारास येतात. बर्फ नोव्हेंबरात फुटला तर लवेतलं पिल्लू पाण्यात पडतं, भिजतं, आणि बुडतं किंवा गारठून मरतं. प्रश्न तीन-चार आठवड्यांचा असतो. उणे चाळीस अंशांत, चार महिने उपाशी राहून वाढवलेलं पिल्लू बर्फ थोडा लवकर गेल्यानं जातं. मला ही बातमी वाचून कितीतरी दिवस चैन पडलं नव्हतं.

आम्ही भारतीवर असताना बर्फावरून गाडी न्यायची तर आधी ड्रिल मारून जाडी मोजायचो. पुरेशी नसेल तर गाडी परत. पेंग्विनला ही सोय नाही. त्याला एप्रिलमध्ये जागा निवडावी लागते आणि बर्फ डिसेंबरापर्यंत राहील या भरवशावर अंडं घालावं लागतं. हॅली उपसागरात २०१६ साली वादळानं बर्फ फुटला. ती जगातली दुसरी मोठी वसाहत होती. पुढची दोन वर्षंही तिथं पिल्लं जवळजवळ वाचलीच नाहीत. पण त्याच काळात पन्नास-एक किलोमीटरवरच्या दुसऱ्या वसाहतीतली संख्या वाढली. म्हणजे पक्षी जागा बदलतात. हे आशेचं. मात्र बदलायला दुसरीकडे चांगला बर्फ हवा. तोच चोहीकडे लवकर फुटू लागला तर जायचं कुठे? उलट बर्फ फार पसरला तरी अडचण, कारण मग पाण्यापर्यंतची चाल लांबते आणि पिल्लू उपाशी राहतं. त्यांना बर्फ हवा तो बेताचा आणि वेळेवर टिकणारा.

प्वांत जिओलोजीची वसाहत १९७० च्या दशकाच्या अखेरीस काही उबदार वर्षांत अर्ध्यावर आली आणि पुढे कित्येक वर्षं तिथेच अडली. मोठं प्रौढ आयुष्य असलेला, वर्षाला एकच पिल्लू वाढवणारा पक्षी असा पटकन भरून येत नाही. २०२२ मध्येच अमेरिकेनं त्याला धोक्यातल्या प्रजातींच्या यादीत घातलं. समुद्र तापतो तो आपण जाळलेल्या कोळशानं आणि तेलानं, आणि तो तापणं कमी झालं तरच बर्फ वेळेवर टिकेल. या पक्ष्याला थंडी मारत नाही, वादळ मारत नाही. पायाखालची जमीन, म्हणजे बर्फ, तेवढी डिसेंबरापर्यंत हवी.

तुम्ही पेंग्विनला हात लावला का? मऊ होता का?
*– वय वर्षं आठ, वास्को, गोवा*

नाही, राजा. तुझ्या गावातच आपलं ध्रुवीय संशोधन केंद्र आहे. तिथून निघतानाच आम्हाला नियम सांगतात: पक्ष्याजवळ जायचं नाही, हात लावायचा नाही, वाट अडवायची नाही. पण पक्षी आपणहून आला तर? तर हलायचं नाही.

नोव्हेंबरात एकदा मी आणि आमचे डॉक्टर खाडीच्या बर्फावर जाडी मोजत होतो. लांबून सात सम्राट एका ओळीत येताना दिसले. आम्ही दोघंही गुडघ्यांवर बसलो. ते सरळ आमच्याकडे आले आणि पंधरा पावलांवर थांबले. त्यातला एक पुढे आला. आणखी पुढे. कानाजवळचा पिवळा डाग स्पष्ट दिसला, चोचीच्या बाजूची जांभळट रेघही. त्यानं मान आधी एका बाजूला वळवून मला पाहिलं, मग दुसऱ्या बाजूला वळवून. माझ्या हातातलं ड्रिल पाहिलं. बर्फाला पाडलेल्या भोकाकडे वाकून बराच वेळ पाहत राहिला, आत पाणी हलत होतं. मग तो पोटावर झोपला, पायांनी जोर दिला आणि घसरत निघाला. मागचे सहा त्याच वाटेनं. बर्फावर सात गुळगुळीत पट्टे राहिले. आमची जाडीची नोंद वहीत लिहायची राहून गेली, ती आम्ही परत जाऊन पुन्हा घेतली. एक मीटर बेचाळीस सेंटिमीटर.